जादाचं पातेलं

"ताटं किती ते मागनं सांगा. आधी मानसं कोन कोन ते सांगा," द्वारकाबाई म्हणाल्या.

त्या ओसरीवर सूप घेऊन खपली गहू पाखडत बसल्या होत्या. समोरच्या लोखंडी खुर्चीत बसून मी चारशे हा आकडा त्यांना दोनदा सांगितला होता. माझ्या मते स्वागतसमारंभाचं जेवण ठरवायला तेवढं पुरेसं होतं. बाईंना ते पुरत नव्हतं. गिरवीहून किती, बरडहून किती, त्यात म्हातारी किती, एस.टी.नं येणारे किती आणि जेवून लगेच परतणारे किती, असं एकेक विचारत त्या सूप हलवत होत्या. बरडकडची माणसं भात कमी आणि चपाती जास्त खातात, माझ्या वडिलांच्या एस.टी. डेपोतले ड्रायव्हर-कंडक्टर भज्यांवर तुटून पडतात, हे त्यांनी मलाच ऐकवलं. मी पंचायत समितीत कारकून होतो, तसा हुशार समजला जायचो, पण माझ्याच पाहुण्यांबद्दल बाईंना माझ्यापेक्षा जास्त ठाऊक होतं, हे मला जरा लागलं.

द्वारकाबाई हा आमचा तिसरा दरवाजा. रोहिणीचं, म्हणजे माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न साताऱ्याला, मुलाकडच्या गावी, देवळात पन्नास माणसांत व्हायचं होतं. दुसऱ्या दिवशी फलटणला आमच्या माणसांसाठी स्वागतसमारंभ आणि जेवण, ते आमच्याकडून. आई जाऊन दोन वर्षं झाली होती. तिच्या आजारपणात अण्णांच्या, म्हणजे वडिलांच्या, निवृत्तीची पुंजी बरीचशी वाहून गेली होती, तेव्हा अंथरूण पाहून पाय पसरायचे हे उघड होतं. पहिल्या केटररनं वातानुकूलित खोलीत बसवून आम्हाला कलिंगडातून कोरलेल्या हंसाचे फोटो दाखवले. भाव ऐकून अण्णा उठले आणि बाहेर येऊन म्हणाले, एवढ्यात महामंडळानं मला जुनी गाडी दिली असती. दुसरा स्वस्त होता. त्यानं चवीला दिलेलं पनीर दाताखाली रबरासारखं वाजलं. मग डेपोच्या कॅन्टीनवाल्यानं द्वारकाबाईंचं नाव सांगितलं.

आता खरी भीती काय होती ते सांगतो. आमच्या घरात एक गोष्ट होती, आई ती वर्षातून चारदा तरी सांगायची. तिच्या लग्नात, गिरवीला, तिसऱ्या पंगतीला भात संपला. शंभरएक माणसं उपाशी परतली. आणि तिचे वडील, गणपतराव, मांडवाच्या दारात हात जोडून उभे राहिले आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला म्हणत राहिले, माझी माणसं मोजण्यात चूक झाली. आई ही गोष्ट हसत सुरू करायची आणि शेवटाला येईपर्यंत तिचं हसू गेलेलं असायचं. आजोबांवर तिचा जीव होता, पण एवढ्या एका गोष्टीसाठी तिनं त्यांना कधी माफ केलं नाही. "बाबांना माणसंसुद्धा मोजता येऊ नयेत?" असं ती म्हणायची. दवाखान्यात शेवटच्या आठवड्यात तिनं अण्णांचा हात धरून एकच मागितलं होतं. रोहिणीच्या लग्नात कोणी उपाशी जाऊ नये. अण्णा हो म्हणाले होते. एकतीस वर्षं एस.टी.त वाहतूक नियंत्रक असलेला तो माणूस दिलेली वेळ आणि दिलेला शब्द यांत फरक करत नसे.

ही गोष्ट मी द्वारकाबाईंनाही सांगितली, जरा दटावणीच्या सुरात, म्हणजे बाई सावध राहतील. त्यांचं सूप थांबलं.

"गिरवीचं लगीन? आज्याचं नाव काय तुमच्या?"

मी नाव सांगितलं. त्यांनी सुपातला एक खडा उचलून अंगणात टाकला, मग आणखी एक. मग त्यांनी जो भाव सांगितला तो दुसऱ्या केटररपेक्षाही कमी होता. मी सवयीनं अजून थोडा खाली ओढला, आणि त्यांनी वाद न घालता मान डोलावली. आपल्या घासाघिशीवर मी मनातून खूश झालो.

"येक सांगते," त्या म्हणाल्या. "हरेक कामाला माझं येक जादाचं पातेलं असतंय. त्याचं तुमी काय धरायचं न्हाई. अन् म्या सांगितल्याबिगर त्याला हात लावायचा न्हाई."

म्हटलं, आलं लक्षात. आमच्या सामानात बाई आपल्या घरचं रांधून नेणार. पण भाव इतका कमी होता की तेवढ्याकडे काणाडोळा करायला माझी हरकत नव्हती. मी उठलो, चप्पल घातली आणि जाता जाता दिवस सांगितला. बारा दिवसांनी, गुरुवारी, संध्याकाळी सहा ते नऊ.

"बेस्तरवारी?" द्वारकाबाईंनी सूप खाली ठेवलं. "मार्गेसरातल्या शेवटच्या बेस्तरवारी? आवं दादा, तुमच्या घरात बाईमानूस हाय का न्हाई?"

नव्हतं, हेच तर खरं होतं. मार्गशीर्षातल्या गुरुवारी आमच्याकडे घरोघरी बायका महालक्ष्मीची पूजा मांडतात, दिवसभर उपास करतात, संध्याकाळी आरती करून नैवेद्य दाखवतात आणि मग घरीच उपास सोडतात. शेवटच्या गुरुवारी तर उद्यापन, सवाष्णींना हळदीकुंकू. त्या संध्याकाळी बाई घराबाहेर पडत नाही. रोहिणी पुण्याला नोकरीवर, वसतिगृहात राहणारी, तिला हे कुठून सुचावं? आणि घरात अण्णा आणि मी. अण्णांनी दिवस काढला होता तो गाड्या बघून. शनिवार-रविवारी गाड्यांना गर्दी, सोमवारी नोकरदार, गुरुवारी गाड्या रिकाम्या, पाहुण्यांना बसायला जागा. शिवाय गुरुवारी मंगल कार्यालय निम्म्या भाड्यात मिळत होतं. ते निम्म्या भाड्यात का मिळतंय, हे आम्हा दोघा शहाण्यांपैकी एकालाही विचारावंसं वाटलं नव्हतं. पत्रिका वाटून झाल्या होत्या.

घरी आलो आणि अण्णांना सांगितलं. ते उठून स्वयंपाकघरात गेले. भिंतीवरच्या कॅलेंडरचा उपयोग आई गेल्यापासून दुधाचा हिशेब लिहिण्यापुरता उरला होता. त्या गुरुवारच्या चौकोनात बारीक अक्षरांत सगळं छापलेलं होतं आणि त्यावर अण्णांच्याच हातचं 'दीड लिटर' होतं. मंगल कार्यालयाला फोन केला, दुसरा दिवस नव्हता. निम्मे पाहुणे येणार नाहीत, आणि ज्या बायका भिडेखातर येतील त्या भरल्या ताटासमोर उपाशी बसतील. आईनं जे नको म्हटलं होतं तेच आम्ही पत्रिका छापून ठरवलं होतं.

"तिला विचारायचं राहिलं," अण्णा म्हणाले. तिला म्हणजे आईला. मग जेवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊच्या सुमाराला द्वारकाबाई आपणहून दारात. बसा म्हटलं तर बसल्या नाहीत, उभ्याउभ्याच बोलल्या.

"बाया घरी का थांबत्यात? पूजेसाठी न्हाई. पूजा पाचाला उरकती. उपास सोडायला सैपाक करावा लागतो, म्हनून थांबत्यात. दिवसभर उपाशी राहून सांच्याला चूल बाईनंच पेटवायची. तुमी निरोप धाडा. घरची आरती पाचाला करा, अन् हॉलवर या. तितं लक्ष्मी मांडलेली असंल, नवी नवरी आरतीला असंल, हळदीकुंकू तितंच, उपास तितंच सुटंल. घरी चूल पेटवायची न्हाई, येवढं कळलं की येक बाई घरी राहायची न्हाई."

अण्णांनी चष्मा काढला. मी विचारलं, आणि जेवणाचं?

"निवदाचं ताट. खपलीची खीर, वरनभात, बटाट्याची भाजी, मटकी, चपाती, भजी, कुरडई. कांदा-लसूण न्हाई. पंगतीत बसून. उभ्यानं जेवनारा मानूस निम्मं टाकतो. अन् निवदाच्या ताटाला कोन नावं ठेवतंय? पनीर का न्हाई म्हनून कोन इचारतंय?"

दोन आठवडे मी ज्या गाठीला नखं लावत होतो ती बाईंनी उभ्याउभ्या सोडवली होती. जेवण स्वस्त झालं होतं आणि स्वस्त दिसणार नव्हतं. अक्षरओळख जेमतेम, पण माणसांचं कुठे काय अडतं ते त्यांना बिनचूक दिसत होतं. असा माणूस आमच्या कचेरीत एक जरी असता तर तालुक्याचं भलं झालं असतं, असं मला तेव्हाही वाटलं होतं आणि आजही वाटतं.

निरोप पोचवायचं काम मात्र अण्णांचं. ते त्याच दुपारी डेपोत गेले. प्रत्येक गावच्या गाडीच्या कंडक्टरच्या हातात त्यांनी एकेक चिठ्ठी ठेवली. अमुक गाडी, अमुक थांबा, अमुक घर, आणि खाली: गुरुवारचा उपास फलटणला सुटेल, चूल पेटवू नये. तीन दिवसांत सगळ्या थांब्यांवर निरोप पोचले. ज्या माणसानं गाड्या बघून घोळ घातला होता, त्यानं तो गाड्यांनीच निस्तरला.

तो गुरुवार उजाडला. बाई पाच बायका घेऊन पहाटेपासून हॉलच्या मागच्या पत्र्याखाली चुलीपाशी होत्या. भिजवून कांडलेली खपली शिजत होती, गुळाचा वास रस्त्यापर्यंत येत होता. सगळ्यात कडेला भिंतीला लागून एक मोठं पातेलं झाकून ठेवलं होतं, त्याच्याशेजारी तसलंच दुसरं. मी ओळखलं, हेच ते. आता तर एकाची दोन झाली होती. मी काही बोललो नाही, पण मनात नोंद केली.

सहा वाजता रोहिणी आणि तिच्या नवऱ्यानं कलशाची आरती केली. साताऱ्याच्या विहीणबाई स्वतः दिवसभर उपाशी होत्या आणि आम्ही काय करणार आहोत या काळजीत आल्या होत्या, त्यांचा चेहरा सैल झाला. पहिली पंगत बसली ती सगळी बायकांची. मी आजवर शेकडो लग्नांत जेवलोय, पण अशी पंगत पाहिली नाही. एरवी पुरुष उठल्यावर, पोरं झोपल्यावर, उरल्यासुरल्यावर बसणाऱ्या बायका सगळ्यांच्या आधी बसल्या होत्या आणि त्यांना आग्रह करकरून खीर वाढली जात होती. एक म्हातारी आत्या वाढणाऱ्याला नाही म्हणेना, हो म्हणेना, नुसती वाटी पुढे धरून हसत होती.

दुसरी पंगत उठली तेव्हा मला दारात गर्दी दिसली. निरोप जरा जास्तच चांगला पोचला होता. बायकांनी जावा आणल्या होत्या, जावांनी शेजारणी आणल्या होत्या. घरी चूल पेटवायची नाही हे ज्यांना आमंत्रण नव्हतं त्यांनाही कळलं होतं. तिसरी पंगत बसली. मी मागे जाऊन पाहिलं तर भाताच्या पातेल्याचा तळ दिसत होता. बाहेर अजून शंभर तरी माणसं उभी होती. तिसरीच पंगत, आणि भातच. अण्णा कोपऱ्यात उभे होते, त्यांनीही ते पाहिलं होतं. त्यांचा चेहरा मला बघवेना. मी दाराकडे निघालो. काय बोलायचं ते मला पाठ होतं, आईनं इतक्या वेळा सांगितलं होतं. हात आपोआप जोडले गेले होते.

"ये पोरा," मागून आवाज आला. द्वारकाबाई पदर खोचून उभ्या होत्या. "दारात न्हाई जायचं. हिकडं ये. हात लाव."

त्यांनी भिंतीजवळच्या पातेल्यावरचं झाकण काढलं. आत भात, मोकळा, वाफाळता, पातेलं काठोकाठ. दुसऱ्यात खीर. आम्ही दोघांनी ते पातेलं उचलून आत नेलं. चौथी पंगत बसली, मग पाचवी, छोटी. शेवटचा माणूस हात धुऊन विडा घेऊन गेला तेव्हा साडेआठ झाले होते आणि पातेल्यात तरीही दहा-पंधरा माणसांचा भात होता. कोणीही उपाशी गेलं नाही. मला इतकं हलकं वाटलं की मी तिथेच पत्र्याखालच्या पाटावर बसलो आणि बाईंना खरं ते सांगून टाकलं. म्हटलं, मावशी, मला वाटलं होतं हे पातेलं तुम्ही घरी नेणार.

त्या हसल्या. "सगळ्यांनाच वाटतंय. उरलं तर दवाखान्याच्या फाटकापाशी वाढते. तीस-बत्तीस वर्सं झाली, येकबी काम ह्याच्याबिगर केलं न्हाई."

"पण का?"

त्यांनी चुलीतलं लाकूड मागे ओढलं, त्यावर पाणी मारलं. मग माझ्याकडे न बघता बोलल्या.

"तुज्या आईच्या लग्नाला सैपाकाला आमीच हुतो. माजा मालक, गेनू आचारी, अन् मी. नवं लगीन झालेलं माजं. दोन पातेली भात लावला हुता. मालक जरा आडवा झाला अन् त्याला डोळा लागला. येक पातेलं करपून कोळसा झालं. वरपातूर वास गेलेला, खायच्या लायकीचं न्हाई ऱ्हायलं. मालक चिंचंखाली जाऊन बसला, थरथर कापत हुता. म्हनला, आता मला मारत्याल, अन् फुडं कोन काम देनार न्हाई. तुजा आजा आला. त्यानं झाकन काढलं, बगितलं, परत झाकन ठेवलं. म्हनला, माती टाका ह्यावर, कुनाला दिसू देऊ नका. अन् दारात जाऊन हात जोडून उभा ऱ्हायला. म्हनाय लागला, माजी मानसं मोजन्यात चूक झाली."

आत रोहिणीच्या मैत्रिणी हसत होत्या.

"बरूबर मोजली हुती त्यानं मानसं," द्वारकाबाई म्हणाल्या. "येक मानूस इकडंतिकडं न्हवतं. फुडल्या वर्सी तुज्या बारशाला परत आमालाच बोलावलं. त्याच्यामुळं मालकाचं नाव ऱ्हायलं, आमची चूल चालली. तुज्या आईनं सांगितलं असंल की तुला. लेकीला तरी बोलला असंल."

"नाही," मी म्हणालो. "आईला माहीत नव्हतं. ती शेवटपर्यंत म्हणायची, बाबांना माणसं मोजता आली नाहीत."

द्वारकाबाईंनी हातातलं पाण्याचं भांडं खाली ठेवलं. इतका वेळ सहा माणसांचं काम करणारी ती बाई माझ्याशेजारी जमिनीवर बसली आणि तिनं पदर तोंडाला लावला.

"लेकीलाबी न्हाई?" त्या म्हणाल्या. "आमच्यापायी त्यानं लेकीलाबी न्हाई सांगितलं?"

अण्णा केव्हा मागे येऊन उभे राहिले होते मला कळलं नव्हतं. त्यांनी सगळं ऐकलं होतं. ते आत गेले, सहा पाट आणले, ओळीनं मांडले आणि बाईंना आणि त्यांच्या पाच जणींना बसायला सांगितलं. त्यांचाही उपास होता, आणि सबंध हॉलभर उपास सोडवून त्या अजून उपाशीच होत्या, हे आमच्यापैकी अण्णांनाच दिसलं. मी पानं घेतली. अण्णांनी आयुष्यात कधी पंगत वाढली नव्हती, तरी त्यांनी बाह्या वर केल्या आणि त्याच जादाच्या पातेल्यातली खीर द्वारकाबाईंच्या वाटीत घातली. बाई पुरे म्हणाल्या, तर त्यांनी आणखी एक डाव घातला.

"आम्ही सणाला जादा गाडी सोडायचो," ते म्हणाले. "थांब्यावर माणूस राहायला नको म्हणून. बसा, सावकाश जेवा."

या गोष्टीला आता वीस वर्षं होत आली. द्वारकाबाई गेल्या, अण्णाही गेले. रोहिणीची मुलगी कॉलेजात आहे आणि मार्गशीर्षातल्या शेवटच्या गुरुवारी मामाकडे आली की खपलीची खीर मागते आणि गिरवीच्या लग्नाची गोष्ट मागते. मी सांगतो. तिसऱ्या पंगतीला भात संपला, माणसं उपाशी गेली, पणजोबा दारात हात जोडून उभे राहिले, सगळं आई सांगायची तसंच सांगतो. फक्त पणजोबांना माणसं मोजता येत नव्हती, असं आमच्या घरात आता कोणी म्हणत नाही.